लेफ्टनंट कर्नल हेमू अधिकारी : सेनाधिकारी व क्रिकेटपटू



ज्युबिलीच्या ह्या स्मरणिकेसाठी इतिहासविषयक काही लिहून द्यावे, अशी संपादक मंडळाने आम्हांस विनंती केली. आम्ही गोंड राजांच्या परकोटाविषयी किंवा ह्या अरण्यप्रदेशात प्रथम आलेल्या मिशनऱ्यांविषयी लिहू, अशी मंडळाची समजूत असावी. परंतु धर्मग्रामाचा वृत्तांत ह्याच पुस्तिकेत अन्यत्र सविस्तर दिला आहे, आणि परकोटाविषयी अधिकारवाणीने बोलणारे विद्वान चंद्रपुरात पुष्कळ आहेत. आम्ही एका सैनिकाचे चरित्र निवडले. हा सैनिक क्रिकेटही खेळत असे. धर्मगुरूने ज्युबिलीच्या पुस्तिकेत क्रिकेटवर लिहावे हे कित्येकांस विचित्र वाटेल, म्हणून त्याचे कारण प्रथम सांगणे आम्हांस भाग आहे.

गेल्या पावसाळ्यात ज्युबिली समितीची सभा भरली होती. उत्सवानिमित्त शाळेमागच्या मैदानावर क्रिकेटचे सामने भरवावेत, ह्यावर सर्वांचे एकमत झाले. त्यानंतर एका वयोवृद्ध व श्रद्धावान सभासदांनी अशी सूचना मांडली की, उत्सव आपला, ढालही आपली, तेव्हा सामन्यांत केवळ आपल्या कॅथॉलिक कुटुंबांतील मुलांचेच संघ असावेत. गावातील इतर मुलांना वाटल्यास शेवटच्या दिवशी एक मैत्रीचा सामना द्यावा. सूचनेत द्वेष मुळीच नव्हता. आपली मुले थोडी आहेत, तीही चार दिशांस पांगली आहेत, ती एकत्र यावीत, एवढाच तिचा हेतू होता. माना डोलल्या. आम्हीही गप्प बसलो. सभा संपून दिवे मालवताना आम्हांस वाटू लागले की, आपण बोलावयास हवे होते. परंतु तोवर लोक घरोघर गेले होते. त्या मौनाची भरपाई आम्ही ह्या लेखाने करीत आहोत.

आता मूळ विषयाकडे वळू.

विदर्भातील वाचकांस सेनाधिकारी व क्रिकेटपटू असे दोन शब्द एकत्र उच्चारताच प्रथम आठवतील ते कर्नल सी. के. नायडू. त्यांचा जन्म आपल्या नागपूरचा, ३१ ऑक्टोबर १८९५ चा. १९२३ साली इंदूरच्या होळकर महाराजांनी त्यांना आपल्या पदरी बोलावून घेतले व आपल्या सैन्यात कॅप्टनचा हुद्दा दिला. १९२६ च्या डिसेंबरात मुंबईच्या जिमखान्यावर एम. सी. सी. च्या पाहुण्या संघाविरुद्ध त्यांनी १५३ धावा केल्या व अकरा षट्कार मारले. ती खेळी अनेक वर्षे लोकांच्या तोंडी होती. २५ जून १९३२ रोजी लॉर्ड्सच्या मैदानावर हिंदुस्थानचा पहिला कसोटी सामना सुरू झाला, तेव्हा संघाचे नेतृत्व नागपूरच्या ह्याच पुत्राकडे होते. नायडूंविषयी आम्हांस अत्यंत आदर आहे. तथापि हेही ध्यानात ठेविले पाहिजे की, त्यांचा सैन्यातील हुद्दा ही एका गुणग्राहक राजाने खेळाडूला दिलेली वृत्ती होती. संस्थानी काळात अशी चाल होती. राजे गवयांना पदरी ठेवीत, मल्लांना ठेवीत, तसेच फलंदाजांनाही ठेवीत. क्रिकेट उत्तम म्हणून हुद्दा मिळे.

ज्यांच्याविषयी आम्ही लिहीत आहोत, त्यांची गोष्ट उलट आहे. त्यांना सैन्यातील नोकरी प्रथम होती, आणि क्रिकेट त्या नोकरीतून उरलेल्या वेळात बसवावे लागे.

हेमचंद्र रामचंद्र अधिकारी ह्यांचा जन्म ३१ जुलै १९१९ रोजी पुण्यात झाला. १९३६-३७ च्या हंगामात, वयाच्या अवघ्या सतराव्या वर्षी, ते गुजरातकडून प्रथम श्रेणीचा पहिला सामना खेळले. पुढच्याच वर्षापासून बडोद्याकडून खेळू लागले. बांधा ठेंगणा, परंतु पाय चपळ. फिरकी गोलंदाजीवर पुढे सरसावून खेळण्यात ते तरबेज होते, आणि 'कव्हर'च्या जागी त्यांचे क्षेत्ररक्षण पाहण्यासारखे असे, असे त्यांना पाहिलेल्या जाणकारांनी नमूद केले आहे. प्रसंगी ते लेगस्पिन गोलंदाजीही करीत.

मात्र त्यांच्या उमेदीची वर्षे फार प्रतिकूल निघाली. हिंदुस्थानचा संघ १९३६ च्या ऑगस्टात कसोटी खेळला, तो त्यानंतर एकदम १९४६ च्या जूनमध्ये. मधली दहा वर्षे, त्यांतील बहुतेक महायुद्धाची, कसोटीविना गेली. अधिकारींनी खेळावयास आरंभ केला तो नेमका ह्या पोकळीच्या तोंडाशी. सतराव्या वर्षी ज्याची पात्रता दिसली, त्यास देशाकडून पहिला सामना खेळावयास अठ्ठाविसावे वर्ष उजाडावे लागले. ह्या अवधीत त्यांनी सैन्याची वर्दी अंगावर चढविली होती, आणि पुढे लेफ्टनंट कर्नलच्या हुद्द्यापर्यंत ते पोहोचले.

त्या काळात देशातील सर्वांत गाजलेले क्रिकेट कोणते, तर मुंबईचे पंचरंगी सामने. आमच्या तरुण वाचकांपैकी फारच थोड्यांनी त्यांचे नाव ऐकले असेल, आणि आमच्या सभेतील सूचनेशी त्यांचा निकटचा संबंध आहे, म्हणून त्यांविषयी थोडे विस्ताराने लिहितो.

१८९२ पासून युरोपियन व पारशी ह्यांच्यात दरसाल सामने होत. १९०७ साली त्यांत हिंदूंचा संघ आला. १९१२ साली मुसलमानांचा आला व सामने चौरंगी झाले. १९३७ साली पाचवा संघ घेण्यात आला, त्याचे इंग्रजी नाव 'रेस्ट', म्हणजे उरलेले. ह्या उरलेल्यांत कोण? तर देशी ख्रिस्ती, अँग्लो-इंडियन, यहुदी, बौद्ध; ज्यांची स्वतंत्र गणना करण्याची गरज कोणास वाटली नव्हती असे सारे. ज्या संघात आमचा समावेश झाला, त्याचे नावच 'उरलेले' असावे, ह्याचे आम्हांस हसूही येते व थोडे वाईटही वाटते. मुंबईच्या मरीन ड्राइव्हवर एका रांगेत उभे असलेले हिंदू, पारशी, इस्लाम व कॅथॉलिक असे निरनिराळे जिमखाने आजही त्या काळाची साक्ष देतात. तेव्हा ही चाल केवळ दुसऱ्यांची होती आणि आपण तीपासून अलिप्त होतो, असे म्हणण्यास आपणांस जागा नाही.

ह्या सामन्यांत खेळ उत्तम होत असे, हे नाकारण्यात अर्थ नाही. हजारो लोक तिकिटे काढून येत. बहुतेकांचे वर्तन सभ्य असे. परंतु बाहेर देशात जातीय तेढ वाढत चालली होती, आणि धर्माच्या नावाने उभ्या केलेल्या संघांचा जयजयकार त्या तेढीपासून अलग राहणे कठीण होते. १९४० च्या डिसेंबरात हिंदू जिमखान्याचे काही पुढारी महात्मा गांधींचा सल्ला घेण्यासाठी वर्ध्यास आले. वर्धा म्हणजे आपला शेजारचाच जिल्हा. क्रिकेटशी ज्यांचा फारसा संबंध नव्हता, त्या गांधीजींनी धर्मवार संघ पाडून खेळणे आपणांस मान्य नाही, असे त्यांना स्पष्ट सांगितले. सामने तरीही आणखी काही वर्षे चालले व १९४५-४६ च्या हंगामानंतर कायमचे बंद पडले.

ह्या पंचरंगी सामन्यांत हेमू अधिकारी हिंदूंच्या संघातून खेळत. 'उरलेल्यां'च्या संघात होते विजय सॅम्युअल हजारे, सांगलीस ११ मार्च १९१५ रोजी जन्मलेले एक मराठी ख्रिस्ती. ते प्रॉटेस्टंट पंथाचे होते. पण ह्या ज्युबिलीच्या निमित्ताने त्यांच्याविषयी अभिमान वाटून घेण्यास पंथभेद आड येऊ नये. १९४३-४४ च्या अंतिम सामन्यात हिंदूंनी ५ गडी बाद ५८१ धावांवर डाव सोडला. त्यात विजय मर्चंट ह्यांच्या नाबाद २५० होत्या. 'उरलेले' पहिल्या डावात १३३ धावांत गारद झाले. दुसऱ्या डावात त्यांच्या ३८७ धावा झाल्या, व त्यांतील ३०९ एकट्या विजय हजारेंच्या होत्या! एका बाजूस त्यांचे बंधू विवेक उभे होते. दोघांनी ३०० धावांची भागीदारी केली, तीत बंधूंचा वाटा २१ धावांचा. एकाने झुंजावे आणि दुसऱ्याने नुसते उभे राहून त्यास झुंजू द्यावे, अशी ही जोडी होती. तरीही सामना हिंदूंनीच जिंकला.

आता चार वर्षे पुढे जाऊ व ऑस्ट्रेलियातील ॲडलेडच्या मैदानावर उभे राहू. देश नुकताच स्वतंत्र झाला होता. २८ नोव्हेंबर १९४७ रोजी ब्रिस्बेन येथे अधिकारींनी कसोटी क्रिकेटमध्ये पदार्पण केले होते, आणि आता १९४८ च्या जानेवारीत चौथा कसोटी सामना चालला होता. ऑस्ट्रेलियाने ६७४ धावांचा डोंगर रचला. त्यात ब्रॅडमन २०१ व हॅसेट नाबाद १९८. हजारेंनी पहिल्या डावात ११६ धावा केल्या, परंतु फॉलोऑन टळला नाही. दुसऱ्या डावात लिंडवॉलच्या तोफखान्यापुढे भारताचे सहा फलंदाज शून्यावर परतले. अशा पडझडीत हजारेंनी १४५ धावा काढल्या व एकाच कसोटीच्या दोन्ही डावांत शतके झळकाविणारे पहिले भारतीय ठरले. त्यांस त्या डावात साथ मिळाली ती अधिकारींची. अधिकारींच्या धावा ५१, आणि सातव्या गड्यासाठी दोघांची भागीदारी १३२ धावांची. भारत एक डाव व १६ धावांनी हरला. परंतु मुंबईच्या मैदानावर धर्माच्या नावाने परस्परांविरुद्ध उभे केले गेलेले दोन मराठी गडी येथे एकाच धावपट्टीवर एकमेकांच्या हाकेसरशी धावत होते. आम्हांस ह्या १३२ धावा मुंबईतील त्या सर्व अजिंक्यपदांहून अधिक मोलाच्या वाटतात.

त्याच वर्षी, १९४८ च्या नोव्हेंबरात, दिल्लीस वेस्ट इंडीजविरुद्ध पहिला कसोटी सामना झाला. पाहुण्यांनी ६३१ धावा केल्या. त्यांच्या चौघांनी शतके ठोकली. भारताच्या ४५४ झाल्या, त्यात अधिकारी नाबाद ११४. कसोटीतील त्यांचे हे एकमेव शतक. फॉलोऑन मिळाल्यावर दुसऱ्या डावातही ते नाबाद २९ राहिले व सामना वाचला. दोन्ही डावांत दुसरे गेले आणि हे उभे राहिले, ह्यातच त्यांच्या खेळाची जात दिसते.

ह्या बाबतीत १९५२ चे वर्ष विशेष लक्षात ठेवण्यासारखे आहे. त्या उन्हाळ्यात हजारे ह्यांच्या नेतृत्वाखाली संघ इंग्लंडला गेला, अधिकारी उपकर्णधार होते. दौरा वाईट गेला. चार कसोट्यांपैकी तीन हरल्या, चौथी पावसाने वाचविली. ट्रूमन नावाच्या तरुण वेगवान गोलंदाजाने आमच्या फलंदाजांची दाणादाण उडविली. त्याविषयी अधिक लिहिण्याची इच्छा होत नाही.

परंतु संघ मायदेशी परतल्यावर, १६ ऑक्टोबर १९५२ रोजी, दिल्लीत भारत व पाकिस्तान ह्यांच्यातील पहिला कसोटी सामना सुरू झाला. फाळणीस केवळ पाच वर्षे झाली होती. काश्मीरातील युद्ध थांबून चार वर्षेही लोटली नव्हती. भारतीय संघात एक लष्करी अधिकारी, आणि समोर ज्या देशाच्या सैन्याशी आपले सैन्य नुकतेच लढले त्या देशाचा संघ! भारताचे नऊ गडी २६३ धावांवर बाद झाले. शेवटच्या जोडीस अधिकारींना येऊन मिळाले हैदराबादचे गुलाम अहमद, मूळचे गोलंदाज. ह्या दोघांनी दहाव्या गड्यासाठी १०९ धावा जोडल्या. गुलाम अहमद ५० धावांवर बाद झाले, अधिकारी ८१ धावांवर नाबाद राहिले. भारताच्या ३७२ धावा झाल्या. विनू मंकड ह्यांनी दोन डावांत मिळून तेरा गडी टिपले, आणि भारताने एक डाव व ७० धावांनी विजय मिळविला. दहाव्या गड्याच्या भागीदारीचा हा भारतीय उच्चांक २००४ च्या डिसेंबरपर्यंत, म्हणजे बावन्न वर्षे, टिकला. त्या वेळी सचिन तेंडुलकर व झहीर खान ह्यांनी ढाका येथे १३३ धावा करून तो मोडला. एक हिंदू सेनाधिकारी व एक मुसलमान गोलंदाज ह्यांनी पाकिस्तानविरुद्ध खेळताना भारताची शेवटची बाजू सावरली, हे ज्यांनी पाहिले त्यांतील कित्येकांनी सहा-सात वर्षांपूर्वी मुंबईत ह्या दोन धर्मांचे संघ परस्परांशी झुंजतानाही पाहिले असतील. त्यांच्या मनात काय आले असेल, हा विचार आम्हांस पुष्कळदा सुचतो.

कसोटी सामने हा अधिकारींच्या क्रिकेटचा लहानसाच भाग होता. त्यांचे खरे घर सेनादलांचा संघ, म्हणजे 'सर्व्हिसेस'. हा संघ १९४९-५० पासून रणजी करंडकाच्या स्पर्धेत उतरू लागला. भूदल, नौदल व वायुदल ह्या तिन्हींतील माणसे त्यात एकत्र खेळत. ह्या संघाला गाव नाही, प्रांत नाही, भाषा नाही. आज येथे असलेला गोलंदाज उद्या बदली होऊन सरहद्दीवर जाणार. मुंबईच्या संघाला मैदाने होती, क्लब होते, शाळांपासून तयार होत आलेली पोरे होती. सेनादलाच्या कर्णधाराला, रजा मंजूर झालेली माणसे जमवून संघ उभा करावा लागे. अशा संघाला अधिकारींनी १९५६-५७ व १९५७-५८ असे लागोपाठ दोन वर्षे रणजी करंडकाच्या अंतिम सामन्यापर्यंत नेले. पहिल्या वर्षी मुंबईने व दुसऱ्या वर्षी बडोद्याने त्यांना हरविले. त्यांची स्वतःची सर्वोच्च खेळी, नाबाद २३० धावांची, ह्याच संघाकडून १९५१-५२ साली राजस्थानविरुद्ध झाली. पुण्याचेच चंद्रशेखर गडकरी, वेगवान गोलंदाज सुरेंद्रनाथ आणि पुढे लेफ्टनंट जनरलच्या पदापर्यंत चढलेले अपूर्व सेनगुप्ता, हे तिघेही सैन्यातूनच भारताकडून कसोटी खेळले. (जाता जाता : सेनादल दुसऱ्यांदा अंतिम सामन्यात पोहोचले त्याच १९५७-५८ सालापासून आपला विदर्भ रणजी स्पर्धेत त्या नावाने खेळू लागला. करंडक हाती येण्यास साठ वर्षे लागली. १ जानेवारी २०१८ रोजी तो आला, आणि तोही इंदूरच्या होळकर मैदानावर, जेथे नागपूरच्या नायडूंनी आपले आयुष्य वेचले.)

प्रथम श्रेणीच्या १५२ सामन्यांत अधिकारींनी ८,६८३ धावा केल्या, सरासरी ४१.७४, शतके १७. कसोट्या २१, धावा ८७२, सरासरी ३१.१४. ह्या शेवटच्या आकड्यांवरून त्यांस दुय्यम मानणारे लोक आहेत. आम्ही एक साधा हिशेब करून पाहिला. त्यांच्या पहिल्या कसोटीपासून अखेरच्या कसोटीपर्यंत भारताने एकंदर ४७ कसोट्या खेळल्या. त्यांपैकी अधिकारी २१ खेळले. अर्ध्याहून अधिक सामन्यांत ते नव्हते. सैन्याच्या जबाबदाऱ्यांमुळे त्यांचे क्रिकेट कमी झाले, असे त्यांच्यावर लिहिणाऱ्या बहुतेकांचे मत आहे. क्रिकेटच्या दृष्टीने तो तोटा खराच. परंतु तोटा झाला म्हणून निवड चुकली, असे आम्हांस म्हणवत नाही. सेमिनरीत आमच्यासोबत शिकणाऱ्यांत एकाचा गळा फार गोड होता. तो आज एका दूरच्या अरण्यातील केंद्रात पंचवीस-तीस माणसांसमोर मिस्सा गातो. त्याचेही कोणी गणित मांडील.

आता त्यांच्या अखेरच्या कसोटीकडे येतो, कारण ती आम्हांस सर्वांत अधिक आवडते.

१९५८-५९ च्या हिवाळ्यात वेस्ट इंडीजचा संघ भारतात आला. हॉल व गिलख्रिस्ट हे दोन अतिवेगवान गोलंदाज त्यांच्याकडे होते, आणि भारताकडे कर्णधाराचा पत्ता नव्हता. नियोजित कर्णधार गुलाम अहमद हे दुखापतीमुळे पहिली कसोटी खेळू शकले नाहीत. ती पॉली उमरीगर ह्यांनी सांभाळली. दुसऱ्या व तिसऱ्या कसोटीत गुलाम अहमद आले; भारत दोन्ही हरला, त्यांपैकी कलकत्त्याची एक डाव व ३३६ धावांनी. त्यानंतर गुलाम अहमद ह्यांनी खेळातून अंग काढून घेतले. मद्रासच्या चौथ्या कसोटीसाठी पुन्हा उमरीगर नेमले गेले. परंतु संघात कोणास घ्यावे ह्या वादातून त्यांनी सामन्याच्या आदल्या रात्री राजीनामा दिला. मग मंकड कर्णधार झाले. तीही कसोटी हरली. एका मालिकेत तीन कर्णधार झाले होते, तीन पराभव पदरी होते, आणि दिल्लीची पाचवी कसोटी उरली होती. ह्या मोडलेल्या घराचा कारभार हाती घेण्यासाठी बोलावणे गेले ते एकोणचाळीस वर्षांच्या लेफ्टनंट कर्नल अधिकारींना. त्या मालिकेत आधीच्या एकाही सामन्यात ते खेळले नव्हते.

६ फेब्रुवारी १९५९ रोजी सामना सुरू झाला. पहिल्या डावात भारताने ४१५ धावा केल्या. त्यात पुण्याचे तरुण चंदू बोर्डे ह्यांच्या १०९ व कर्णधाराच्या ६३. वेस्ट इंडीजने ८ बाद ६४४ वर डाव सोडला. ह्या लांबलेल्या डावात कर्णधाराने स्वतः चेंडू हाती घेतला व ६८ धावांत ३ गडी बाद केले. कसोटी क्रिकेटमध्ये त्यांना मिळालेले गडी एवढेच. दुसऱ्या डावात भारताच्या २७५ धावांत बोर्डे ९६ व अधिकारी ४०. बोर्डे दुसऱ्या शतकापासून चार धावा दूर असताना त्यांच्या स्वतःच्याच बॅटचा धक्का यष्ट्यांना लागला! सामना अनिर्णित राहिला. आणि योगायोग असा की, चंदू बोर्डे हेही मराठी ख्रिस्ती कुटुंबातलेच. ॲडलेडला हजारे, दिल्लीला बोर्डे : सेनाधिकाऱ्याच्या पहिल्या मालिकेत एक, शेवटच्या सामन्यात दुसरा. ह्या गोष्टीकडे कोणी फारसे लक्ष दिलेले आम्ही वाचले नाही. न दिलेले बरेच. कारण त्या तिघांनीही तिकडे लक्ष दिले नसावे.

कर्नलसाहेबांनी देशाचे नेतृत्व केले ते एवढेच, एका सामन्याचे.

खेळ संपल्यावर त्यांनी पोरांना शिकविण्याचे काम हाती घेतले. सुनील गावस्कर, सैयद किरमाणी, कपिल देव, रवी शास्त्री अशी पुढे प्रसिद्धीस आलेली कित्येक नावे त्यांच्या नजरेखालून गेली आहेत. त्यांच्या शिकवणीत क्षेत्ररक्षणास अग्रमान असे, आणि शिस्त लष्करी. १९७१ साली अजित वाडेकर ह्यांचा संघ इंग्लंडला गेला तेव्हा व्यवस्थापक म्हणून कर्नल अधिकारी बरोबर होते. त्या संघाने जवळच्या जागी झेल टिपण्याचे जे कौशल्य दाखविले ते पूर्वीच्या भारतीय संघांत क्वचितच दिसले होते. ओव्हलच्या कसोटीत चंद्रशेखर ह्यांनी ३८ धावांत ६ गडी घेऊन इंग्लंडला १०१ धावांत गुंडाळले, हे सर्वांस ठाऊक आहे; परंतु त्याच डावात व्यंकटराघवनच्या चेंडूवर एकनाथ सोलकर ह्यांनी जमिनीलगत झेपावून ॲलन नॉटचा जो झेल घेतला, त्याचे छायाचित्र ज्यांनी पाहिले असेल त्यांस आमचे म्हणणे पटेल. २४ ऑगस्ट १९७१ रोजी भारताने तो सामना चार गडी राखून जिंकला व इंग्लंडच्या भूमीवर प्रथमच विजय मिळविला. तो गणेश चतुर्थीचा दिवस होता. आनंदाच्या भरात आपल्या लोकांनी चेसिंग्टनच्या प्राणिसंग्रहालयातील बेला नावाची हत्तीण मैदानात आणली होती.

तीन वर्षांनी तोच कर्णधार व तेच व्यवस्थापक पुन्हा इंग्लंडला गेले. २४ जून १९७४ रोजी लॉर्ड्सवर सारा संघ ४२ धावांत बाद झाला. त्यात सोलकर नाबाद १८. तिन्ही कसोट्या हरल्या. १९७१ च्या विजयाच्या स्मरणार्थ इंदुरात काँक्रीटची एक प्रचंड बॅट उभारण्यात आली होती, ती आता लोकांनी विद्रूप केली. होसान्ना म्हणणाऱ्या ओठांवर पाच दिवसांत काय आले, हे आम्ही दर झावळ्यांच्या रविवारी वाचतो; तेव्हा तीन वर्षे म्हणजे पुष्कळच झाली.

लेफ्टनंट कर्नल हेमू अधिकारी २५ ऑक्टोबर २००३ रोजी मुंबईत निवर्तले. वय चौऱ्याऐंशी वर्षांचे होते.

आता आमच्या मैदानाविषयी. वाचकांस ते ठाऊकच आहे : एका कडेस मोहाची दोन झाडे, दुसरीकडे शाळेची भिंत, आणि मध्ये जी काही सपाट जागा आहे ती. पहाटे तेथे पोलीस व सैन्य भरतीच्या तयारीची मुले धावतात. संध्याकाळी तीच मुले चेंडू घेऊन येतात. चंद्रपूर व गडचिरोली ह्या दोन्ही जिल्ह्यांत असे दृश्य गावोगाव दिसते. भद्रावतीस दारूगोळ्याचा सरकारी कारखाना आहे, बल्लारपूरच्या वाटेवर विसापूरजवळ २०१९ पासून सैनिक शाळा चालू झाली आहे. खाकीचे व हिरव्या वर्दीचे आकर्षण इकडील मुलांना नवे नाही. नागपूरकडील कोळसा खाणकामगाराचा मुलगा उमेश यादव प्रथम सैन्यात व पोलिसात भरती होऊ पाहत होता, दोन्हीकडे त्याची निवड झाली नाही, आणि मग तो भारताचा वेगवान गोलंदाज झाला. ही गोष्ट आमच्या मुलांना पाठ आहे. वेकोलीच्या खाणीत ज्यांचे बाप आहेत ती मुले तर ती घरच्यासारखी सांगतात. ह्या धावणाऱ्या मुलांत आपली कॅथॉलिक मुले किती व इतर किती, हे आम्ही सभेनंतरच्या सकाळी प्रथमच मोजले. तोवर मोजण्याचे कधी मनात आले नव्हते. मोजताना आम्हांस लाज वाटली, म्हणून आकडा येथे देत नाही.

स्मरणिका छापखान्यात जाण्यापूर्वी समितीची सभा पुन्हा भरावयाची आहे. हा लेख आम्ही तेथे आधी वाचून दाखवू, आणि ज्या वयोवृद्ध सभासदांनी ती सूचना मांडली त्यांच्या हाती तो सभेपूर्वीच देऊ, म्हणजे चारचौघांत त्यांस अवघडल्यासारखे होणार नाही. वस्तीवार संघ पाडावेत, अशी आमची सूचना राहील. ज्या वस्तीत जो राहतो, तो तिचा गडी. निर्णय समितीचा. तो आमच्या विरुद्ध गेला तरी सामन्यांचा आरंभ आम्हीच करून देऊ व चेंडू आम्हीच टाकू, कारण वयाच्या पंचावन्नाव्या वर्षी आम्हांस तेवढेच साधते.

नावे लिहिण्याची वही सध्या मठाच्या ओट्यावर टांगली आहे. तिच्यात पहिले नाव आपल्याच धर्मग्रामातील एका जवानाचे आहे. तो रजेवर आला असता नाव लिहून गेला. परंतु त्याची रजा सामन्यांच्या आधीच संपते. हे वहीवाल्या मुलाने त्याच्या नजरेस आणून दिले, तेव्हा तो म्हणाला, "माहीत आहे. नाव असू द्या. अकरावा गडी कोणी मिळाला नाही तर बघू." तो काल सकाळच्या गाडीने बल्लारशाहहून गेला. नाव अजून तसेच आहे.